उठवायचा राहिलेला माणूस

लहानपणीच गाव सोडून गेलेल्या निएवेसला वाटलं होतं की नेमेसियोकाकांचं घर पोस्टरांनी भरलेलं असेल. प्रागमधल्या एका लहानशा थिएटरात, बाहेर बर्फ पडत असताना, तिने आपल्या गावच्या या माणसाला पडद्यावर घोड्यावरून कोसळताना पाहिलं होतं. शेजारी बसलेल्या अनोळखी बाईचा दंड धरून तिने सांगितलं होतं, हा आमच्या रस्त्यावरचा आहे. तेव्हापासून तिने ठरवलं होतं की सिनेमाच्या शिक्षणाचं शेवटचं काम करायला गावी परत जायचं. ज्याचा चेहरा अर्ध्या जगाने पाहिलाय आणि नाव कुणालाच ठाऊक नाही, त्याचा सिनेमा करायचा.

सापडलं काय, तर तार ऑफिसच्या खोट्या भिंतीमागे कोंबड्यांचं खुराडं दुरुस्त करत बसलेला एक म्हातारा. तिने मोठ्या श्रद्धेने त्या सिनेमाचं नाव घेतलं. त्याने तोंडातला खिळा काढला आणि विचारलं, "त्यात मी कधी मरतो?"

"सुरुवातीलाच. पुलावर."

"मग पुढचं मला माहीत नाही, पोरी. तोवर मी जेवायला गेलेलो असतो."

हसा, पोरांनो, आत्ताच हसून घ्या. आणि तो मोबाईल खिशात टाक, त्याचा उजेड डोळ्यांवर येतोय. ही गोष्ट माझी नाही. शेजारच्या चायोच्या भाचीची, निएवेसची आहे. तिने ती मला त्याच रात्री सांगितली, माझ्याच स्वयंपाकघरात.

तुम्ही सगळे सालित्रेत वाढलात, म्हणून तुम्हाला या रस्त्याचं काही वाटत नाही. कुणाच्या घरावर 'बँक' लिहिलंय, कुणाच्या घरावर 'शवपेट्या'. मी स्वतः जन्मभर बँकेच्या पाटीमागे राहिलो आणि खिशात कधी काही टिकलं नाही. सिनेमावाल्यांनी घोड्यांच्या सिनेमांसाठी नुसत्या पुढच्या भिंती उभ्या केल्या. ते गेले, तेव्हा आपल्या वाडवडिलांनी त्या भिंतींच्या मागे मातीच्या खोल्या बांधल्या. त्या काळात सालित्रेतला प्रत्येक पुरुष निदान एकदा तरी या रस्त्यावर मेलेला होता. मी खिडकीतून पडून मेलो होतो. खाली गवताच्या पेंढ्या होत्या, तरी कंबर अजून धरते.

पण मरणं हा ज्याचा धंदा झाला, तो एकटा नेमेसियो. तो खेचरं हाकायचा. एका सिनेमात खेचरवाला हवा होता. याला उभं केलं आणि गोळी घातली. तो इतका छान पडला की दुसऱ्या दिवशी मिशी लावून पुन्हा बोलावला. मग ते चालूच राहिलं. गुत्तेवाला, न्हावी, पाद्री, तारबाबू, दरोडेखोरांमधला दुसरा. पहिला दरोडेखोर बोलतो, दुसरा मरतो. पुढे तो राजधानीत गेला. टीव्हीच्या मालिकांमध्ये श्रीमंताघरचा नोकर झाला, वाईट बातमी सांगणारा डॉक्टर झाला. आयुष्यात कधी हिरोच्या उजेडात उभा राहिला नाही. खुर्चीवर बसला तर तोंड दिव्याकडे, पण अंग एका बाजूला, शेजारची जागा मोकळी. तिथे कुणीतरी मोठा नट येऊन बसणार असायचा. ही सवय त्याला घरी जेवतानाही होती. बायको जिवंत होती तेव्हा म्हणायची, "अहो, कुणी येत नाहीये, सरका जरा मधे."

आणि एक गोष्ट ध्यानात ठेवा. त्याने केलेल्या इतक्या माणसांपैकी एकालाही नाव नव्हतं. कागदावर 'गुत्तेवाला', 'पाद्री', 'दुसरा' एवढंच. सुरुवातीला तो दिग्दर्शकांना विचारायचा, याचं नाव काय? ते म्हणायचे, तुला कुणी हाक मारणार आहे का? पड आणि गप्प राहा.

आता आपल्याकडची रीत. तुमच्यातल्या काहींना ठाऊक नसेल, हल्ली कोण मरतंय इथे. सिनेमात जो मेला, त्याने आपण होऊन उठायचं नाही. ज्याने गोळी घातली त्याने जवळ जायचं, हात द्यायचा आणि त्याचं खरं नाव घ्यायचं, बाप्तिस्म्याचं, सगळंच्या सगळं. मेलेल्याने म्हणायचं, "आहे मी." मग उठायचं. आणि उठवल्याशिवाय त्याने घास तोंडात घालायचा नाही. म्हातारे म्हणायचे, मेलेला होऊन पडलास म्हणजे अंग दुसऱ्याला वापरायला दिलंस. हाक ऐकून तू ते परत घेतोस. तशातच जेवलास, तर जेवणारा कोण ते सांगता येत नाही. परदेशी दिग्दर्शक हसायचे. मग जेवणाची सुट्टी व्हायची, ताटं मांडलेली असायची आणि रस्त्यावर चाळीस मेलेली माणसं हलायला तयार नसायची. तेव्हा तेही शिकायचे.

निएवेसला ही रीत फार आवडली होती. तिने ती वहीत उतरवून घेतली, मला तीनदा सांगायला लावली. म्हणजे तिला माहीत नव्हतं असं म्हणता येणार नाही.

तिच्या सिनेमात शेवट काय करायचा यावरून दोघांचं महिनाभर चाललं होतं. ती म्हणायची, "काका, जन्मभर मेलात. माझ्या सिनेमात तुम्ही जगणार. शेवटी तुम्ही रस्त्यावरून चालत जाणार, बस."

"आणि हातांचं काय करू?"

"कसले हात?"

"मरताना हात कुठे ठेवायचे ते मला ठाऊक आहे. जगायचं म्हटलं की ते नुसते लोंबतात."

शेवटी तिने मान्य केलं. पण मग तिच्या डोक्यात दुसरंच शिरलं. ती माझ्या ओट्यावर बसून बोलायची तेव्हा तिचे डोळे असे चमकायचे, की नाही म्हणवत नसे. "फिदेन्सियोकाका, सिनेमात दुय्यम माणूस मेला की लगेच दुसरं दृश्य येतं. त्याच्याकडे कुणी बघतही नाही. मी कॅमेरा हलवणारच नाही. लोकांना बघू दे, असा माणूस पडला की रस्ता किती वेळ तसाच राहतो ते."

गेल्या वर्षीची तेवीस एप्रिल. सान होर्हेचा दिवस. सगळं गाव विंचवापासून राखणाऱ्या संताच्या मिरवणुकीला दुरांगो शहराला गेलं होतं, रस्ता मोकळा होता, म्हणून तिने तोच दिवस धरला. शेवटचा शॉट. दुसऱ्या दिवशी पहाटेच्या बसने ती राजधानीला आणि तिथून परत प्रागला निघणार होती. तिचे मास्तर या सिनेमाची वाट बघत होते. माणसं आम्ही तीनच. मी उजेडासाठी पांढरी चादर धरून उभा. नेमेसियो रस्त्याच्या मधोमध. आणि गोळी झाडणारा दिसायचा नव्हता, म्हणून कॅमेऱ्याशेजारी उभी राहून खोट्या काडतुसाचा बार निएवेसनेच काढला.

तो पडला. मी त्याला किती वेळा पडताना पाहिलंय, पण असा नाही. एक हात अंगाखाली, दुसरा उघडा, टोपी लांब घरंगळत गेलेली. छातीवर जास्वंदीचं सरबत आणि मध कालवून केलेलं रक्त. डोळे उघडे. तो नेहमी डोळे उघडे ठेवून मरायचा. धूळ उडाली तरी पापणी हलत नसे.

कॅमेरा चालू राहिला. सूर्य टेकडीमागे गेला. निएवेस पुटपुटत होती, "अजून थोडं, अजून थोडं." माझे हात भरून आले. अंधार झाला तेव्हा कुठे तिने कॅमेरा बंद केला आणि आधी तो पेटीत ठेवायला वळली.

तेवढ्यात नेमेसियो उठला.

आपण होऊन. पँट झटकली आणि चालायला लागला, तार ऑफिसच्या दिशेने. आमच्याकडे पाहिलं नाही. टोपीही उचलली नाही.

मी म्हटलं, "पोरी, त्याला उठवायला हवं होतंस."

"उठले की ते, काका," ती म्हणाली. "दमलेत बिचारे. उद्या निघताना हात देईन आणि नावही घेईन."

त्या संध्याकाळी मी पाहिलं ते एवढंच. यापुढचं तिने सांगितलेलं.

रात्री साडेदहा वाजता चायोने चुलीवरून काल्दियोचं भांडं उतरवलं. वाळवलेल्या मिरचीतलं मांसाचं कालवण, नेमेसियोला चायोच्याच हातचं लागायचं. वर फडक्यात गुंडाळलेल्या तोर्तिया, मक्याच्या पातळ भाकऱ्या, ठेवल्या, एक चमचा खोचला आणि भाचीला म्हणाली, "जा, देऊन ये. दिवसभर उपाशी पाडून ठेवलंस म्हाताऱ्याला." मग दाराशी थांबवून विचारलं, "उठवलंस ना त्याला?"

"हो गं आत्या."

"नाव घेऊन?"

"हो."

बस पकडायची होती, पिशवी भरायची राहिली होती, आणि आत्या एकदा सुरू झाली की तासभर थांबत नाही. म्हणून ती हो म्हणाली.

चायोचं घर तबेल्याच्या पाटीमागे, नेमेसियोचं रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला. मधे खोटं चर्च. चर्चपुढे दिवे नाहीत, तुम्हाला माहीत आहे. चंद्र पहाटे उगवायचा होता. गाव अजून मिरवणुकीहून परतलं नव्हतं. ती एका हातात भांडं आणि दुसऱ्या हातात मोबाईलचा उजेड घेऊन चालली होती. गुत्त्याच्या वरच्या मजल्याची झडप वाऱ्याने आपटत होती. त्या झडपेमागे खोली नाही. नुसतं आभाळ आहे.

चर्च यायच्या जरा आधी उजेडात एक टोपी आली.

तिला वाटलं, बरं झालं, काकांची टोपीही नेऊ. ती वाकली. उजेड थोडा पुढे सरकला.

पुढे माणूस पडला होता.

एक हात अंगाखाली. दुसरा उघडा. छातीवर काळपट डाग.

ती आधी हसलीच. म्हणाली, "काका, पुरे झालं. शॉट झाला केव्हाच."

तो हलला नाही.

"मेस्कालची दारू जास्त झाली का? उठा, आत्याने काल्दियो पाठवलंय."

डोळे उघडे होते. गाल खडीवर टेकलेला. मोबाईलचा उजेड सरळ बुबुळांवर पडला, तरी पापणी हलली नाही. तिने भांडं खाली ठेवलं आणि त्याच्या मनगटाला हात लावला.

मनगट गार होतं. एप्रिलात दिवसभर तापलेल्या रस्त्यावर पडलेलं, आणि विहिरीतून काढल्यासारखं गार.

तिला कळेना काय करावं. हाक मारायला गावात कोण होतं? आत्याचं आणि माझं घर मागे, लांब. समोर एकच दिवा दिसत होता. ती भांडं उचलून त्या दिव्याकडे पळाली. भांडं का उचललं, ते तिला अजून सांगता येत नाही. दार वाजवताना तिच्या लक्षात आलं की हे तार ऑफिस आहे. हे नेमेसियोकाकांचंच घर. ते तर रस्त्यावर पडलेत. मग आत दिवा…

दार उघडलं.

नेमेसियो उभा होता.

"या," तो म्हणाला. "उशीर केलात."

पोरी म्हणाला नाही. या म्हणाला. मालिकेतल्या त्या नोकरासारखा, कंबरेत किंचित वाकून. शर्ट तोच होता. डाग नव्हता.

ती आत गेली. का गेलीस, असं मी विचारलं, तर म्हणाली, काका, मला इतकं बरं वाटलं की ते जिवंत आहेत. मला वाटलं, बाहेरचा माझ्या डोळ्यांचा भास असेल.

तो टेबलाशी बसला. तोंड दिव्याकडे. शेजारची जागा मोकळी.

"ठेवा इथे."

तिने भांडं ठेवलं. वाफ येत होती. म्हणाली, "नेमेसियोकाका, बाहेर रस्त्यावर…"

"कोण नेमेसियो?"

तिला वाटलं, चेष्टा करतायत. त्याने तिच्याकडे पाहिलं, आणि चेहऱ्यावरून काहीतरी सरकलं, पत्ते पिसताना सरकतात तसं.

"काय घेणार, साहेब?" हा गुत्तेवाला होता.

"देवावर भार टाक, बाळ." हा पाद्री.

"मला वाईट वाटतं. आम्ही सगळे प्रयत्न केले." हा डॉक्टर.

आवाज वेगवेगळे. तोंड एकच. आणि प्रत्येक वाक्यानंतर तो थांबत होता. उत्तरासाठी. रिकाम्या खुर्चीकडे बघत.

खुर्चीकडून उत्तर येत नव्हतं.

"तुम्ही कोण?" निएवेसने विचारलं.

तो विचारात पडला. नट वाक्य विसरला की करतो तसं तोंड उघडलं. मिटलं. पुन्हा उघडलं. तो खरंच शोधत होता, असं ती म्हणाली. ते बघणंच सगळ्यात वाईट होतं.

"… नाव दिलं नव्हतं," तो म्हणाला.

गुत्त्याची झडप वाजली. थांबली.

"फार दिवस उभे आहोत," तो म्हणाला. "भूक लागलीय आम्हाला."

आम्हाला.

त्याने फडकं सोडलं. तोर्तिया बाजूला ठेवल्या. चमचा उचलला.

आणि तेव्हा तिला सगळं एकदम समजलं. संध्याकाळी रस्त्यावरून कोण उठलं ते. आणि कोण अजून पडून आहे ते. जन्मभर उलटं होत आलं होतं. माणूस उठायचा आणि हे सगळे मागे राहायचे. आज माणसाला कुणी हाक मारली नाही. आज हे उठले.

चमचा भांड्यात गेला.

तिने भांडं ओढलं. कालवण तिच्या मनगटावर सांडलं, ती खूण अजून आहे, विचारा तिला. ती दारातून बाहेर पडली आणि भांड्यातलं सगळं अंधारात फेकलं. कोंबड्या एकदम ओरडल्या. मग गप्प झाल्या.

ती पळाली.

मागे पावलं येत होती.

घाईची नव्हती. एका माणसाचीही नव्हती. टाचेच्या बुटांची. वहाणांची. एक पाय ओढत चालणाऱ्याची. पाद्र्याच्या झग्याची सळसळ.

तिने मागे पाहिलं नाही.

तो तिथेच पडला होता. ती गुडघ्यांवर आली. त्याचा उघडा हात धरला. "काका, उठा. काका."

काही नाही.

"नेमेसियोकाका!"

काही नाही. पावलं जवळ आली. चर्चपाशी. चर्चच्या अलीकडे.

मग तिला तिचीच वही आठवली. माझ्याकडून तीनदा वदवून घेतलेलं. तिने डोळे मिटले आणि मोठ्याने म्हटलं, "गोळी मी घातली. मीच उठवते. नेमेसियो दे ला क्रूस बार्रागान."

पावलं थांबली.

अगदी मागे. तिच्या मानेला गारवा लागत होता.

नंतर…

नंतर किती वेळ काहीच झालं नाही, ते तिला सांगता येत नाही. झडप नाही, कुत्रं नाही, वारा नाही. नुसता तो हात. गार.

मग बोटं मिटली. तिच्या हातावर. हळूहळू.

"… आहे मी."

आणि लगेच खोकला. धुळीचा, खरा, म्हातारा खोकला.

"उशीर केलास, पोरी."

तेव्हा तिच्या मागे आवाज झाला. धुळीत पोतं ठेवावं तसा. मग दुसरा. मग आणखी. एकामागून एक, अलगद, जपून, जागा बघून. पडणं ज्यांना येतं त्यांचं पडणं.

मग शांत.

दोघं टोपीसकट माझ्या दारात आली तेव्हा अकरा वाजून गेले होते. नेमेसियोच्या गालात खडी रुतली होती, ती मी भिंगाने बघून सुईने काढली. सगळं निएवेसच सांगत होती. मी जाऊन चायोला उठवून आणलं. तिने भाचीला शिव्या दिल्या, मग जवळ घेतलं, मग पुन्हा शिव्या दिल्या. नेमेसियोने मीठ लावून दोन तोर्तिया खाल्ल्या. खायला बसताना त्याने खुर्ची टेबलाच्या मधोमध ओढली. दिव्याकडे पाठ करून बसला. मी त्याला असा बसलेला कधी पाहिला नव्हता.

सकाळी सहाची बस. निएवेसने पिशवी खांद्याला लावली. कॅमेरा त्याच पिशवीत, तो शॉटही त्यातच. आम्ही तिघं तिला फाट्यापर्यंत सोडायला निघालो. उजाडत होतं. वारा अजिबात नव्हता.

चर्चपुढे आम्ही थांबलो.

रस्त्यावरच्या धुळीत ठसे होते. पावलांचे नाही. पडलेल्या माणसांचे. एकाशेजारी एक, रस्त्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत, रांगेने. खांदे, कुल्ले, टाचा, सगळं ओल्या मातीत बोट दाबावं तसं स्वच्छ उमटलेलं. चायोने छातीवर क्रूस काढला आणि माझी बाही धरली.

नेमेसियोने टोपी काढली. रांगेच्या कडेने सावकाश चालत गेला, जुन्या ओळखीच्या माणसांपुढून जावं तसा.

"हा गुत्तेवाला," तो म्हणाला. "बाटली हातात घेऊन पडायचा, म्हणून कोपर असं. हा पाद्री, गुडघा दुमडलेला, बघ. हा दुसरा दरोडेखोर. हाही दुसरा. हाही."

"काका," निएवेस हळूच म्हणाली, "हे सगळे…"

"मला उठवत आले सगळे. यांना कोण उठवणार? यांना नाव कुठे होतं?" तो खाली बघत म्हणाला. "मला त्यांची कधी भीती वाटली नाही, पोरी. आपलंच अंग वापरलं त्यांनी. चांगली वागली बिचारी. पण किती दिवस?"

फाट्यावर बस येऊन थांबली. ड्रायव्हरने हॉर्न वाजवला.

निएवेस रांगेच्या शेवटापर्यंत गेली होती. तिथे एक ठसा थोडा बाजूला होता. लहान चणीचा. पाय अनवाणी, बोटं मोजता येतील इतकी स्पष्ट.

"आणि हा कुठल्या सिनेमातला?"

नेमेसियो जवळ आला. वाकून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मी त्याचा चेहरा बघत होतो, पोरांनो, आणि पहाटेच्या त्या उजेडात मला पहिल्यांदा भीती वाटली.

"हा माझा नाही," तो म्हणाला.

"नाही कसा? विसरला असाल."

"तोंड बघ त्याचं."

आम्ही पाहिलं. नाक, हनुवटी, उघडे ओठ, सगळं धुळीत उमटलेलं. तो पालथा पडला होता.

"नट पालथा पडत नाही," नेमेसियो म्हणाला. "पालथं पडलं तर चेहरा दिसत नाही. हा नट नव्हता."

या रस्त्यावर कोण खरंच मेलं, कधी, कुठल्या गर्दीत, कुठल्या जेवणाच्या सुट्टीच्या आधी, ते आम्हा तिघा म्हाताऱ्यांपैकी एकालाही आठवेना. अजून आठवत नाही. बसने पुन्हा हॉर्न वाजवला, लांब.

निएवेसने त्या बसकडे पाहिलं. मग पिशवी खांद्यावरून काढली आणि रस्त्याच्या कडेला ठेवली. त्या लहान ठशापाशी ती गुडघ्यांवर बसली आणि उमटलेल्या हाताच्या तळव्यावर, धूळ विस्कटणार नाही अशा बेताने, आपला भाजलेला हात धरला.

"आधी याचं नाव," ती म्हणाली. "मग बाकीच्यांची."